खोलीतली पाल नेमकी कुठली? कुळागरातल्या एका घरमालकिणीची ओळखवही

रात्री साडेअकराला फोन वाजला की पहिलं वाक्य मला पाठ आहे. "काकू, भिंतीवर काहीतरी आहे." पुण्याचे पाहुणे असतील तर काहीतरी म्हणजे पाल. मुंबईचे असतील तर काहीतरी म्हणजे "खूप मोठी" पाल. कोल्हापूरचे फोन करत नाहीत, स्वतः चप्पल घेऊन निघतात, आणि सकाळी ती चप्पल माळ्यावरून काढून द्यायला मला शिडी लावावी लागते.

गोव्यातल्या फोंडा तालुक्यात आमचं कुळागर आहे. पोफळी, नारळ, त्यांच्यावर चढलेले मिरवेल, जायफळाची पाच झाडं आणि मधून पाटाचं पाणी. घराला लागून दोन खोल्या आम्ही पाहुण्यांसाठी काढल्या, त्याला आता नऊ वर्षं होतील. चिऱ्याच्या भिंती, मंगळुरी कौलं, बाहेर ओसरी. फोटोत हे सगळं लोकांना फार आवडतं. त्या चिऱ्यांच्या फटींत आणि त्या कौलांखाली आणखी कोण राहतं, ते रात्री दिवा लावल्यावर कळतं.

पहिल्या वर्षी मी दर वेळी "काही नाही हो, पाल आहे" एवढंच म्हणायचे. मग एका छोट्या मुलीने विचारलं, "पण काल होती ती वेगळी होती ना?" वेगळी होतीच. मी चाळीस वर्षं या मातीत राहून दोन्हींना पालच म्हणत होते. त्या दिवसापासून दोनशे पानी वही केली आणि खोली नंबर, तारीख, वेळ, प्राणी कुठे दिसला ते लिहून शेजारी वेडंवाकडं चित्र काढू लागले. प्राणिशास्त्र शिकलेला माझा भाचा सुट्टीत येतो आणि लाल पेनाने चुका दाखवतो. त्या वहीतून हे लिहिते आहे.

सगळ्यात आधी एक गोष्ट: रंगाला भुलू नका. "काकू, पांढरी पाल आहे, विषारी का?" असा प्रश्न मला महिन्यातून दोनदा येतो. तीच पाल दुपारी कपाटामागे काळपट तपकिरी असते आणि रात्री ट्यूबलाइटखाली पिठासारखी फिकी पडते. दोन नंबरच्या खोलीत अर्धी शेपटी तुटलेली एक होती, तिला मी दोन्ही वेळी पाहिलं म्हणून खात्रीने सांगते. सरडा तर ह्याच कामासाठी बदनाम आहे. तेव्हा रंग शेवटी बघायचा. आधी बघायचं ते हे: दिवस आहे की रात्र, प्राणी भिंतीवर आहे की झाडावर की जमिनीवर, डोळ्याला पापणी आहे का, आणि शेपटी कशी आहे. एवढ्यावर निम्मा निकाल लागतो. रात्री भिंतीवर चिकटलेली, पापणी नसलेली, उभ्या फटीसारखी बाहुली असलेली ती पाल. दिवसा कुंपणावर बसून मान वर-खाली करणारा, डोळे मिटणारा, खरखरीत अंगाचा तो सरडा. जमिनीवर पाचोळ्यात सळसळणारी, तेल लावल्यासारखी चकचकीत ती सापसुरळी. आणि वर उल्लेख केलेल्या कशातच न बसणारं, कोंबडीच्या खुराड्यापाशी जीभ बाहेर काढत डुलत चाललेलं धूड असेल तर ती घोरपड.

आता पालीपासून सुरुवात करते, कारण नव्वद टक्के फोन तिच्याबद्दल असतात.

आमच्या खोल्यांत ट्यूबलाइटच्या पट्टीमागे राहते ती नेहमीची घरपाल. शास्त्रीय नाव हेमिडॅक्टायलस फ्रेनाटस. हिची पक्की ओळख आवाज. चक्‌-चक्‌-चक्‌-चक्‌, चार-सहा वेळा, शेवटी जरा हळू होत जाणारा. शंकेची पाल चुकचुकते ती हीच. सासूबाई होत्या तेव्हा ती चुकचुकली की त्या जमिनीवर बोटाने तीनदा टकटक करायच्या आणि चाललेलं बोलणं खरं धरायच्या. त्या आधारावर आमच्या घरात एक सोयरीकसुद्धा ठरली आहे. आवाजाने ओळख पटली नाही तर शेपटी बघा. मूळ शेपटीवर ठराविक अंतरावर बारीक काट्यांची कडी असतात, बाजूने पाहिलं तर कडेला करवतीसारखे दात दिसतात. शेपटी एकदा तुटून नवी आलेली असेल तर ती गुळगुळीत आणि जरा फुगीर असते, काटे परत येत नाहीत. इथे नवशिके फसतात. गुळगुळीत शेपटी पाहून "ही दुसरी जात" म्हणतात. आधी शेपटीच्या बुडाशी बघा, रंग आणि पोत एकदम बदलतो का? बदलत असेल तर ते नवं जोडकाम आहे आणि त्या शेपटीची साक्ष धरायची नाही.

पुण्या-मुंबईचे पाहुणे म्हणतात, आमच्याकडे पाली पिवळ्या पोटाच्या आणि जाड असतात, ह्या बारीक का? बरोबर आहे त्यांचं. तिकडच्या घरांत बरेचदा हेमिडॅक्टायलस फ्लॅविविरिडिस असते. पाठ गुळगुळीत, पोट पिवळसर, अंगाने थोराड, आणि घरपालीइतकी बडबडी नाही.

पोट बघायचं कसं, हा खरा प्रश्न. त्यावर माझ्याकडे एक युक्ती आहे आणि तिचा मला अभिमान आहे. पावसाळ्याच्या तोंडी संध्याकाळी खोलीतला दिवा लावून खिडकीची काच बंद ठेवा आणि आतून बघा. किडे बाहेरून काचेवर येतात आणि त्यांच्यामागे पाली. आता पाल बाहेर, तुम्ही आत, मध्ये काच. तिचं पोट, पाय, बोटं, सगळं एक वितीवर. आठवडाभर झाडाखाली उभं राहून जे दिसत नाही ते इथे चहा पिता पिता दिसतं. बोटांच्या तळव्यावर आडव्या पट्ट्या असतात, मधोमध दुभंगलेल्या, लहान मुलाने ओढलेल्या रेघांच्या जोड्यांसारख्या. त्या पट्ट्यांवर डोळ्यांना न दिसणारे लाखो केस असतात. पालीच्या पायाला गोंद नसतो, पाय कोरडे असतात. केसांची टोकं आणि काच यांच्या रेणूंमधल्या बारीक ओढीवर ती उभी राहते. भाच्याने त्याला व्हॅन डर वाल्स बल असं नाव सांगितलं, मी वहीत लिहून ठेवलं.

काचेतून नर-मादीही कळतात. नराच्या मांड्यांच्या आतल्या बाजूने ठिपक्यांची एक ओळ जाते, दोन्ही मांड्यांवरून मध्ये येऊन मिळते, पसरट बाणाच्या टोकासारखी. मादीला ती दिसत नाही. मादी गाभण असेल तर पोटाच्या पातळ कातडीतून दोन पांढरी अंडी चक्क दिसतात. दोनच. मोठ्या वाटाण्याएवढी, कडक कवचाची. तसबिरीमागे, जुन्या कुलपाच्या भोकात, एकदा तर पाहुण्यांच्या न वापरलेल्या बुटात मिळाली होती. बुटाचे मालक बेळगावचे होते. त्यांनी बूट दीड महिना आमच्याकडेच ठेवले, हे मला फार आवडलं.

पाल दिसली नाही पण असल्याचा संशय आहे, तर लेंड्या बघा. काळी बारीक लेंडी आणि तिच्या एका टोकाला पांढरा ठिपका असेल तर पाल. पांढरं टोक नसेल तर उंदीर, आणि मग प्रश्न वेगळा आहे.

दुसरी पाल आमच्याकडे खोलीत क्वचित, पण न्हाणीघराच्या मागच्या भिंतीला आणि सरपणाच्या ढिगात नेहमी. पाठीवर गडद ठिपके, आणि ठिपक्यांच्या मधून दाणेदार पुटकुळ्यांच्या उभ्या रांगा. हात न लावताही खरखरीत आहे हे कळतं. भिंतीवर असली तरी खालच्या दोन-तीन फुटांत, वर छताला फारशी जात नाही. जुन्या पुस्तकांत हिला ब्रुकी म्हटलेलं असतं. आता अभ्यासकांनी त्या एका नावाखालच्या कितीतरी जाती वेगळ्या काढल्या आहेत, म्हणून मी वहीत फक्त "ठिपक्यांची" लिहिते आणि भाच्याला गप्प बसवते. घरच्या ओळखीला तेवढं पुरतं.

तिसरी झाडावरची. आमच्या मानकुराद आंब्याच्या खोडावर रात्री टॉर्च मारला की आधी काही दिसत नाही. खोडाकडे समोरून बघू नका, कडेने बघा. सालीच्या रेषेतून काहीतरी किंचित वर आलेलं दिसेल. चपटी, राखाडी, पाठीवर नागमोडी काळ्या पट्ट्या, पाठ गुळगुळीत. लेशेनॉल्टची पाल म्हणतात हिला. घरपालीपेक्षा मोठी. वादळवाऱ्याच्या रात्री ओसरीच्या खांबावर येऊन बसते, आणि तेव्हाच "काकू, खूप मोठी" असा फोन येतो.

पण खरी मोठी वेगळीच. पाट जिथे वाटेखालून जातो तिथे चिऱ्याची जुनी मोरी आहे. पावसात रात्री नऊनंतर तिथे टॉर्च घेऊन वाकलं की वीतभर लांबीची, मखमली तपकिरी पट्ट्यांची पाल भिंतीला पसरून बसलेली असते. प्रशादची पाल. १९३५ साली माल्कम स्मिथ यांनी जोगच्या परिसरातल्या नमुन्यावरून तिचं वर्णन केलं. गोवा आणि कारवारकडच्या घाटमाथ्याच्या पट्ट्यातली ही आपली स्वतःची पाल. शहरातल्या फ्लॅटमध्ये ती मिळणार नाही. जंगलालगतची जुनी घरं, देवळांच्या मागच्या भिंती, मोऱ्या, कपारी इथे बघा. आमच्या पाहुण्यांत एकच जण असे निघाले की जे ती बघायला दोनदा आले.

आणि दिवसा दिसणारी पाल? असते. चिऱ्याच्या पायथ्याला, ओलसर सावलीत, बोटाएवढी, मातकट, तुरुतुरु पळणारी. हिच्या बोटांना चिकटायच्या गाद्या नसतात, बारीक नख्या असतात, आणि डोळ्यातली बाहुली गोल असते. उभी फट नाही, गोल. ह्या एका खुणेवर तिला वेगळं काढता येतं. नेमास्पिस नावाची ही प्रजाती, म्हणजे जवळच्या जातींचा गट. त्यातल्या एका जातीचं नावच गोएन्सिस आहे, १९७६ साली काणकोणहून मिळालेल्या नमुन्यांवरून दिलेलं. गोव्याच्या नावाची पाल गोव्यातल्या लोकांना माहीत नाही, कारण ती दिसली तरी आपण तिला "पिल्लू" म्हणून सोडून देतो.

विषाचं एकदाच सांगते. भारतातली एकही पाल, सरडा किंवा सापसुरळी विषारी नाही. दुधात पाल पडली तर दूध ओतूनच द्यायचं, पण विष म्हणून नव्हे. पालीच्या विष्ठेत साल्मोनेलासारखे जिवाणू असतात, पोट बिघडू शकतं. अंगावर पडली तर काय होतं ते पंचांगात पल्लीपतनाखाली सविस्तर दिलेलं आहे. मी फक्त साबणाने हात धुवायला सांगते.

आता सरडा. आमच्या फाटकाच्या उजव्या खांबावर एप्रिलपासून एक नर बसतो. सरड्याची धाव कुंपणापर्यंत ही म्हण ज्याने केली त्याने असाच एखादा रोज पाहिला असणार. विणीच्या दिवसांत तो त्याच्या पट्ट्याबाहेर खरंच जात नाही, तिथेच बसून मुंडी वर-खाली करत जोर काढल्यासारखा डुलतो. डोकं आणि गळा लालभडक, गालांवर काळा डाग. ह्यालाच इंग्रजी पुस्तकांनी रक्तपिपासू ठरवलं आणि आमच्या शाळेतली पोरं "रक्त शोषतो" म्हणून दगड मारायची. तो किडे, मुंग्या, तुडतुडे खातो. लाली फक्त नराची आणि फक्त विणीच्या काळातली. इतर वेळी तोच सरडा मातकट तपकिरी, आणि मादी तर वर्षभर. पुष्कळ माद्यांच्या पाठीवर दोन्ही बाजूंनी फिक्या रेघा असतात, त्यांना लोक सापसुरळी समजतात. फरक अंगाच्या पोतात आहे. सरड्याचे खवले खरखरीत, एकेक वेगळा दिसणारे, टोकं मागे आणि वर वळलेली. मानेवर काट्यांची तुरेदार रांग, कानाच्या वर आणखी दोन बारीक काट्यांचे झुबके. शेपटी अंगाच्या दुप्पटीहून लांब. आणि ती सहजी तुटत नाही. जमिनीवर वळवळणारी तुटकी शेपटी मिळाली तर आरोपी पाल किंवा सापसुरळी, सरडा नव्हे. आमच्या मांजरामुळे हा तपास मला वारंवार करावा लागतो.

कुळागराच्या वरच्या टोकाला, जिथे रान सुरू होतं, तिथे ह्याचा सडपातळ भाऊ भेटतो. गळ्याच्या बाजूला, खांद्याच्या जरा पुढे, कातडीची एक काळपट घडी असते. ती दिसली तर तो रानसरडा, मोनिलेसॉरस रूक्सी. घडी नसेल तर बागेतला नेहमीचा. बाकी फरक लांबून शोधत बसू नका, माझे डोळे त्यातच गेले.

पाहुणे मात्र दोघांनाही "शॅमेलिऑन" म्हणतात आणि फोटो तसाच पाठवतात. सरडगुहिरा म्हणजे खरा शॅमेलिऑन दिसला असता तर ओळखायला काही कष्टच नाहीत. डोळे बुरुजासारखे आणि वेगवेगळ्या दिशांना फिरणारे, बोटं चिमट्यासारखी दोन गटांत जुळलेली, शेपटीची गुंडाळी, चाल इतकी संथ की वारा लागून पान हलावं तशी. कुंपणावरून सुर्रकन पळाला तो सरडगुहिरा नव्हे. मी माझ्या कुळागरात एकदाही पाहिलेला नाही.

साताऱ्याचे एक जोडपं आलं होतं, त्यांच्याकडून मला एक गंमत कळली. त्यांच्या चाळकेवाडीच्या पठारावर पंख्यासारखा निळा-काळा-नारिंगी गळा फुलवणारा सरडा असतो. २०१६ साली अभ्यासकांनी ह्या गटाला नवं प्रजातिनाम दिलं ते चक्क आपला मराठी शब्द: सरडा. जगभरच्या शास्त्रज्ञांना आता तो उच्चारावा लागतो.

सापसुरळीबद्दल लिहायचं तर आधी कबुली द्यावी लागेल. लग्न होऊन ह्या घरात आले त्या पावसाळ्यात नारळाच्या सोडणांचा ढीग उचलताना खालून एक बोटभर, सापासारखं, लालभडक शेपटीचं काहीतरी निघालं. लाल शेपटी म्हणजे जालीम विष, असं मला माहेरी सांगितलेलं. मी झाडूने मारलं. सासऱ्यांनी पाहिलं, काही बोलले नाहीत, फक्त ते उचलून केळीच्या बुंध्याशी ठेवून आले. कितीतरी वर्षांनी कळलं की ते ठिपक्यांच्या सापसुरळीचं पिल्लू होतं. ह्या जातीच्या पिल्लांची शेपटी लाल असते, मोठं होताना रंग जातो. हल्ला करणाऱ्याने डोक्यावर नव्हे तर शेपटीवर झडप घालावी, ती तुटावी आणि पिल्लू सुटावं, एवढीच त्या रंगाची करामत. माझ्या झाडूला ती कळली नाही.

तर ती ओळखा अशी: अंग पेन्सिलीसारखं बारीक आणि लांबट, पाय इतके आखूड की आहेत का हे वाकून बघावं लागतं, प्रत्येक खवल्यावर एकेक काळा ठिपका आणि त्यांच्या सरळ ओळी. उघड्यावर फार येत नाही. सोडणं, चुडतं, कुजका पाला, कुंड्यांखाली. कुंडी उचलली तर परत ठेवताना आधी ती बाजूला होऊ द्या.

अंगणात उन्हाला पडून असते ती मोठी सापसुरळी, युट्रोपिस कॅरिनाटा. धट्टीकट्टी, कांस्याच्या भांड्याच्या रंगाची, डोळ्यापासून मागे जाणारी फिकी पट्टी दोन्ही कुशींवर. खवल्यांवर बारीक उभ्या कडा असतात, उन्हात तिरकं पाहिलं की रेघारेघांची चमक दिसते. तुळशीवृंदावनाच्या पायरीवर सकाळी नऊला हिची हजेरी असते, माझ्या आधी. दुसरी लहान, युट्रोपिस मॅक्युलारिया. तिच्या मानेच्या आणि कुशीच्या बाजूला पांढरे ठिपके असतात आणि विणीच्या दिवसांत नराचा गळा व कुशी शेंदरी होते. तो शेंदरी रंग बघून कुणीतरी हमखास "पकडा" म्हणतं.

लोक हिला सापाची मावशी म्हणतात. मावशी दूध प्याली, मावशीने वास घेतला, असं काय काय. मावशीचा भाच्याशी संबंध एवढाच की दोघं चकचकीत असतात. साप की सापसुरळी हे ठरवायला तीन गोष्टी पुरतात. पाय आहेत का? डोळे मिचकावते का? सापाला पापण्या नसतात. डोळ्यामागे कानाचं भोक दिसतं का? सापाला ते नसतं. तिन्ही नकारार्थी असली तरी घाबरायच्या आधी लांबी बघा. पावसात न्हाणीच्या जाळीतून वर येणारा, गांडुळाएवढा, काळा चकचकीत, दोन्ही टोकं सारखी दिसणारा असेल तर तो वाळा, आंधळा आणि निरुपद्रवी साप. केराच्या सुपलीवर घेऊन मातीत सोडायचा.

उडता सरडा दाखवा म्हणून आता पाहुणे आधीच सांगून येतात, आणि दुपारी झोपून उठल्यावर विचारतात. दुपारी नाही दिसत. सकाळी नऊ ते अकरा, ऊन पोफळीच्या खोडावर तिरकं पडलेलं हवं. मला तो पहिल्यांदा आमच्या पाडेल्याने, म्हणजे नारळ पाडणाऱ्याने दाखवला. तो झाडावर आणि सरडा शेजारच्या पोफळीवर, दोघं एकाच उंचीला. खालून बघताना खोड नाही, खोडाची कडा बघायची. कडेवर एक गाठ असते, ती हलत नाही. मग त्या गाठीच्या गळ्यातून पिवळं लिंबाच्या सालीसारखं काहीतरी बाहेर येतं आणि आत जातं. तो नर. तुम्हाला बघितलं की तो गोल फिरून खोडाच्या पलीकडे जातो, म्हणून दोघांनी जायचं, एकाने डावीकडून, एकाने उजवीकडून. पंख म्हणजे लांबलेल्या बरगड्यांवर ताणलेली कातडी. बसलेला असताना ती अंगाला घडी करून असते, दिसत नाही. उडतो म्हणजे तरंगतो, वरून खाली, समोरच्या खोडाच्या खालच्या भागावर उतरतो आणि लगेच वर चढायला लागतो. खाणं म्हणजे बहुतेक मुंग्या. मादी अंडी घालायला जमिनीवर येते, तेवढ्यापुरतीच. पावसाआधी पोफळींवर बोर्डो हे बुरशीचं औषध फवारतो तेव्हा मी माणसांना सांगते, वर बघून फवारा. ते हसतात, पण बघतात.

घोरपडीचं थोडक्यात. दुभंगलेली जीभ सतत आतबाहेर, लांब मान, जाड नख्या, पूर्ण वाढलेली दीड मीटरच्याही वर जाते. पिल्लं पिवळसर ठिपक्यांची आणि गडद पट्ट्यांची, त्यांना लोक मोठी सापसुरळी समजतात. जीभ बघा, सापसुरळीची जीभ अशी लांब, दुभंगलेली आणि लपलपणारी नसते. आपल्याकडे घुमट नावाच्या मातीच्या वाद्याला हिचं कातडं लावायचे. आता बकऱ्याचं लावतात, कारण १९७२च्या वन्यजीव कायद्यात घोरपड पहिल्या अनुसूचीत आहे, मारणं, पकडणं, कातडं बाळगणं सगळा गुन्हा. खुराड्यात शिरली असेल तर कोंबड्या बाहेर काढा, वाट मोकळी ठेवा, कोपऱ्यात कोंडू नका. तरी निघाली नाही तर वनखात्याला फोन.

ओळख पटवायला फोटो पाठवत असाल तर कृपा करून एकच जवळचा धूसर फोटो पाठवू नका. आधी लांबून एक, जिथे आहे तिथली जागा दिसेल असा. मग वरून पूर्ण अंग, शेपटीच्या टोकासकट. मग डोकं बाजूने. बोटं दिसली तर उत्तम. मापासाठी चौकटीत स्विचबोर्ड, दाराची कडी असं काहीतरी येऊ द्या. पाल गेली तरी स्विचबोर्ड जात नाही, सकाळी पट्टी लावून मोजता येतो. झाडावर असेल तर प्राणी गेल्यावर त्याच जागी दहाचं नाणं धरून दुसरा फोटो काढा, ते नाणं २७ मिलिमीटर असतं. वेळ आणि गाव लिहा. मला पाठवायचं नसेल तर आयनॅचरलिस्ट ह्या संकेतस्थळावर टाका, तिथे जाणकार नाव सुचवतात, आणि तुमच्या चुका माझ्या भाच्यापेक्षा सौम्य शब्दांत सांगतात.

एक विनंती गोंदाच्या पुठ्ठ्यांबद्दल. उंदरांसाठी मिळतात ते. एका पाहुण्यांनी मला न विचारता बाजारातून आणून पलंगाखाली ठेवला. सकाळी त्यावर एक घरपाल आणि एक छोटी सापसुरळी होती, दोघी जिवंत. ओढून काढू नका, कातडी निघते. खोबरेल तेल घ्या, कापसाने थेंब थेंब कडेने सोडा, गोंद सैल होईपर्यंत थांबा, मग पायापासून एकेक बोट मोकळं करा. मला चाळीस मिनिटं लागली. सापसुरळीने शेपटी पुठ्ठ्यावरच सोडली. दोघींना खोक्यात कोरड्या पाल्यावर ठेवलं, दुपारपर्यंत तेल झडलं, मग सोडल्या. त्या पाहुण्यांनी खोलीचे पैसे देताना पुठ्ठ्याचे वजा करायला सांगितले.

तर आता रात्री फोन करण्याआधी एवढं बघा. चुकचुकते आहे? झोपा. शेपटीवर काटे आहेत? झोपा. ओसरीच्या खांबावर मोठी चपटी आहे? फोटो काढा, सकाळी दाखवा. मोरीत पट्ट्यांची वीतभर दिसली? मला लगेच उठवा, मीही येते बघायला. आणि पाय नाहीत, कानाला भोक नाही, डोळे मिटत नाहीत, लांबी हातापेक्षा जास्त आहे, तर पलंगावर चढा, दार बंद करू नका, त्याच्यावरची नजर काढू नका, आणि फोन करा. कितीही वाजले असोत.